प्रश्न तुमचे: चालत्या झाडाला पाय किती, पाणी किती?

कल्पनारम्य गोष्टी, नाटुकली आणि पटावरचे खेळ रचणाऱ्या वाचकांना आम्ही विचारलं होतं: तुमच्या जगातलं झाड चालत असेल, तर लिहिताना अडतं कुठे? मराठवाड्यातून आलेली पत्रं इतकी नेमकी होती की हे सदर त्यांनाच दिलं आहे. हिशोब सोपा जावा म्हणून सगळ्या उत्तरांत एकच नमुन्याचं झाड धरलंय. वजन ६० किलो, उंची ३ मीटर, पानांचा पसारा वरून पाहिला तर २ बाय २, म्हणजे ४ चौरस मीटर.

माझ्या कादंबरीतलं झाड रात्रीतून गाव बदलतं. ज्यांनी वाचलं ते म्हणतात, पटत नाही. किती वेगानं चालवू?
– एक वाचक, सेलू

चालणं ही एक थाप वाचक मुकाट्याने पचवतो. दुसरी थाप पचत नाही. म्हणून झाड चालतं एवढंच खोटं ठेवा, बाकी सगळं खऱ्या झाडाच्या हिशोबाने करा, आणि तो हिशोब कमाईपासून सुरू होतो.

आपल्याकडे एका चौरस मीटरवर दिवसाला साधारण ५ युनिट ऊन पडतं (विजेच्या मीटरचं असतं तेच युनिट). शेतातलं पीक त्यातलं जेमतेम एक टक्का अन्नात साठवतं. म्हणजे चौरस मीटरमागे सुमारे ४३ किलोकॅलरी, आणि आपल्या झाडाची दिवसाची कमाई १७० च्या आसपास. एवढ्यावर एका माणसाचं धड जेवणही होत नाही. यातून वाढ, पानांची डागडुजी, फुलं-फळं सगळं भागवायचं. चालण्यासाठी पाचवा हिस्सा काढला तरी ३४ किलोकॅलरी हातात राहतात.

साठ किलोच्या माणसाला एक किलोमीटर चालायला बसल्या खर्चासकट ४५-५० किलोकॅलरी लागतात. झाडाला स्नायू नाहीत, ते पाण्याच्या दाबावर हलणार, म्हणून त्याचा खर्च चौपट, म्हणजे किलोमीटरला २०० धरा. चौतीसात मग १७० मीटर होतात. झालं रोजचं चालणं.

तेव्हा रात्रीतून गाव बदलणं जमायचं नाही, पण रात्रीतून बांध नक्की ओलांडेल. आमच्या मते गोष्टीला तेच जास्त उपयोगाचं आहे. गाव बदललेलं झाड म्हणजे चमत्कार; लोक हात जोडतील आणि विसरतील. बांध ओलांडलेलं झाड म्हणजे भाऊबंदकी, मोजणी, आणि झाडाची नोंद आता कोणाच्या सातबाऱ्यावर घ्यायची म्हणून डोकं धरून बसलेला तलाठी.

लांबचा प्रवास हवाच असेल तर तो रोजच्या कमाईवर नको, साठ्यावर करू द्या. शतावरीसारखी गाठाळ मुळं द्या. एक किलो स्टार्च म्हणजे ४,००० किलोकॅलरी, म्हणजे आपल्या झाडाला २० किलोमीटर. पावसाळ्याच्या चार महिन्यांत कमाईचा तिसरा हिस्सा बाजूला टाकला तर दीड-पावणेदोन किलो साठतो. त्यातून झाडाचा स्वतःचा श्वसनाचा खर्च वजा जातो. तेव्हा एका साठ्यावर एक मोठी मजल, २०-२२ किलोमीटरची, एवढं ठेवा.

जादूचं जग आहे म्हटल्यावर एवढा हिशोब कशाला?
– एक वाचक, माजलगाव

जादूलाही खर्च लावा. जी गोष्ट फुकट होते तिच्यात अडचण येत नाही, आणि अडचण नाही तिथे गोष्ट पुढे सरकत नाही. ऊन-पाण्याऐवजी तुमचं झाड मंत्रावर चालत असेल तर मंत्राचं माप ठरवा, आणि तो संपतो कधी तेही ठरवा.

पाय किती द्यावेत? चित्रकार मित्रानं दोन पायांचं काढलंय, माणसासारखं. दिसतं छान.
– एक वाचक, लातूर

दिसतं छान, पण पहिल्याच पावलाला तोंडावर पडेल.

दोन पायांवर उभं राहणं म्हणजे क्षणाक्षणाला तोल सावरणं. त्याला निरोप झटपट पोचावा लागतो. माणसाच्या जलद मज्जातंतूंत निरोप सेकंदाला १०० मीटरपर्यंत धावतो. लाजाळूच्या देठातून तोच निरोप सेकंदाला २-३ सेंटिमीटरने सरकतो. (लाजाळूतले हे विजेचे संदेश जगदीशचंद्र बोस यांनी शंभर वर्षांपूर्वीच मोजायला घेतले होते.) तीन मीटरच्या झाडात शेंड्याचा निरोप पायाला मिळायला दोन मिनिटं जातात. शेंडा कलला हे पायाला कळेपर्यंत झाड आडवं झालेलं असेल.

म्हणून तोल असा हवा की सावरायची गरजच पडू नये. कोणत्याही क्षणी तीन पाय जमिनीवर आणि झाडाचा भार त्या तिघांच्या मधे. चार पाय दिले तर एका वेळी एकच उचलता येतो, त्यात वेळ जातो. सहा दिले तर तीन टेकलेले, तीन उचललेले, अशी अदलाबदल होते. मुंगी तशीच चालते. सहा घ्या.

आता पाय हलतो कसा ते. वनस्पतीच्या पेशीत पाण्याचा दाब ५ ते १० वातावरणाइतका असतो, गाडीच्या टायरमध्ये भरतो त्याच्या दुपटी-चौपटीने. एका बाजूच्या पेशींतून पाणी दुसऱ्या बाजूला गेलं की पाय वाकतो. लाजाळूची पानं अशीच मिटतात. पण पाणी झिरपायला वेळ लागतो आणि त्याचा नियम कडक आहे: जाडी दुप्पट झाली की वेळ चौपट. एक मिलिमीटरला ५ सेकंद धरले तर २ मिलिमीटरला २० सेकंद, एक सेंटिमीटरला आठ मिनिटांहून जास्त, आणि मित्राने काढलाय तसल्या १० सेंटिमीटर जाडीच्या पायाला जवळपास १४ तास. एका पावलाला!

यातून वाट एकच. पाय जाडजूड लाकडाचा नको, दोन-दोन मिलिमीटरच्या शेकडो धाग्यांचा हवा, दोरखंड वळतात तसा. प्रत्येक धाग्याला स्वतःची पाण्याची नळी. मग पाऊल २० सेकंदांत पडतं, तीन-तीन पायांची एक फेरी ४० सेकंदांत होते. फेरीला ३० सेंटिमीटर पुढे गेलं तर तासाला २७ मीटर.

दोन गोष्टी तुमच्या कथेत आपोआप येतील. पाऊल २० सेकंदांचं आणि शेंड्याचा निरोप दोन मिनिटांचा, त्यामुळे पाऊल कुठे टाकायचं हे प्रत्येक पायाने आपलं आपण ठरवायचं. शेंडा फार तर ‘थांबा’ म्हणेल. शेंड्यावर कोणी कुऱ्हाड घातली तरी पाय दोन मिनिटं निवांत चालत राहतील. आणि तहानलेलं झाड पळू शकत नाही. दाब पाण्याचाच असल्यामुळे कोमेजलं की सगळ्यात आधी पायच गळतात. पाण्याच्या शोधात निघायचं तर तहान लागायच्या आधी निघावं लागतं.

आमच्याकडे सगळी काळी जमीन. झाड मुळं काढून पुन्हा रोवतं कसं? आणि पावसाळ्यात चिखलातून चालेल का?
– एक शेतकरी वाचक, गेवराई

सगळ्या पत्रांत हा प्रश्न आम्हाला सर्वांत आवडला. चालतं झाड लिहिणारे निम्मे लोक इथेच घसरतात. मुळं म्हणजे पाय असं धरतात आणि झाड मातीतून उपसून चालायला लागतं.

पाणी मुळाच्या टोकाजवळची कोवळी लव ओढते, जुनं सालीचं मूळ नाही. ही लव उघड्या हवेत काही मिनिटांत सुकते. म्हणून रोप उपटलं की आपण ओल्या गोणपाटात गुंडाळतो, शेणमातीच्या काल्यात बुडवतो. तेव्हा झाडाला दोन वेगळे अवयव द्या. चालायचे पाय सालीचे, कोरडे, ते पाणी पिणार नाहीत. प्यायची मुळं बारीक; ती मुक्कामाला खाली सोडायची आणि निघताना तोडून टाकायची. तोडून म्हणजे जशी पानं गळतात तशी, देठाशी आधी कॉर्कचा थर धरून.

निघायचा क्रम असा ठेवा. मुक्काम हलवायच्या आठ-दहा दिवस आधी निम्मी-अधिक पानं गाळायची, कारण मुळं गेल्यावर पानांना पाणी पुरवणार कोण. रोपं लावताना माळी पानं छाटतो ते याचसाठी. मग मुळांच्या देठाशी थर धरायचा. मग दिवस मावळल्यावर उरलेल्या पानांची रंध्रं मिटायची आणि त्यानंतरच मुळं सोडायची. हा शेवटचा क्रम उलटा झाला तर झाड मरतं. खोडातलं पाणी भर उन्हात ताणलेलं असतं; अशा वेळी मूळ तुटलं की नळ्यांत हवा शिरते, बुडबुडा अडकतो आणि पुढे पाणी चढत नाही. फुलांचे देठ पाण्याखाली कापतात ते हा बुडबुडा टाळायलाच. तुमच्या कथेतल्या खलनायकाला झाड मारायला कुऱ्हाड लागत नाही. भर दुपारी त्याला दचकवून पळायला लावलं की काम झालं.

नव्या मुक्कामाला बसणं याहून सावकाश. मूळ दिवसाला एक-दोन, फार तर काही सेंटिमीटर वाढतं. एक फूट खोल जायला आठवडा ते महिना. तोवर झाड अंगच्या पाण्यावर. चार चौरस मीटर पानांतून दिवसाला ५ मिलिमीटरच्या हिशोबाने २० लिटर पाणी उडतं. एवढं रोज वाहून न्यायचं तर चार दिवसांत झाडापेक्षा घागरीच जड होतील. म्हणून वाटेवर पानं नकोत, किंवा असलीच तर निवडुंगासारखी, दिवसा रंध्रं मिटून रात्री उघडणारी.

आता काळी माती. ती भिजली की फुगते, चिकटते. बैलाच्या खुराला, टायरला काय होतं ते तुम्हाला सांगायला नको. सहा पायांना प्रत्येकी दोन-तीन किलो गारा चिकटला तर झाड स्वतःच्या वजनाच्या चौथ्या हिश्शाएवढी माती उचलत चालणार. भर पावसाळ्यात बसून राहू द्या. वाफसा आला की निघू द्या. वाफसा ओळखायची शेतकऱ्याची खूण झाडालाही चालेल: मूठभर मातीचा लाडू वळावा, कमरेच्या उंचीवरून सोडला की फुटावा. नुसता चपटा झाला तर अजून ओल जास्त. झाडाच्या बाबतीत पहिलं पाऊल टाकून उचलायचं. माती झडून पडली तर पुढे, नाहीतर आणखी दोन दिवस मुक्काम.

उन्हाळ्यात हीच जमीन भेगाळते. हात कोपरापर्यंत जाईल अशा भेगा पडतात. झाडाला हे आयतं: खणायला नको, पाय भेगेत घालून तिथूनच प्यायची मुळं सोडली की ओल सापडते. पण वळवाचा पाऊस झाला की माती फुगून भेग मिटते आणि पाय आत आवळला जातो. मग एकतर पाय तोडून पुढे जायचं किंवा पुढच्या उन्हाळ्यापर्यंत तिथेच. रब्बी ज्वारीत कोळपणी करून भेगा बुजवतात, तशा शेतातून जाणाऱ्या झाडाला मात्र काहीच हाती लागणार नाही. ते बांधाबांधाने, पडीकातून जाईल.

या सगळ्याचं वर्षाचं वेळापत्रक जुळवून पाहिलं. पावसाळाभर बालाघाटाच्या उतारावर मुरमाड जमिनीत बसायचं, साठा करायचा. कोजागरीच्या सुमाराला पानं गाळून निघायचं. रात्रीच चालायचं, १० तासांत २७० मीटर. ऐंशी रात्रींत एकवीस-बावीस किलोमीटर, म्हणजे संक्रांतीला गोदाकाठ किंवा तिला मिळणारी एखादी नदी. तिथे ओलीवर पुन्हा पानं फोडून साठा, आणि परतीला मृगाच्या आत, भेगा मिटायच्या आधी वरच्या मुरमाला लागायचं. त्यासाठी उन्हाळा लागताच नदी सोडावी लागते. उशीर झालेलं झाड काळ्या पट्ट्यात अडकतं. उताराला वाटेत वेळ अमावस्या येते, आणि त्या दिवशी सगळा मुलूख शेतातच असतो. कडब्याच्या कोपीशेजारी दिवसा निश्चल उभं असलेलं, काल नसलेलं झाड, आणि समोर आंबील-भज्जीची पंगत. हा प्रसंग फुकट देतोय, घ्या.

खऱ्या जगात एखादी वनस्पती चालते का?
– इयत्ता नववीतला वाचक, वसमत

पाय उचलून कोणीच चालत नाही. पण जागा बदलणाऱ्या आहेत.

मेक्सिकोतल्या बाहा कॅलिफोर्नियात एक निवडुंग आडवा वाढतो. पुढचं टोक मुळं धरतं, मागचं मरून कुजतं. ओलसर किनाऱ्यावर तो वर्षाला ६० सेंटिमीटरच्या आसपास सरकतो. आपल्याकडचा वड पारंब्या टाकून हेच करतो. कोलकात्याजवळ हावड्याच्या वनस्पती उद्यानातल्या प्रचंड वडाचं मूळ खोड बुरशीने सडलं म्हणून १९२५ साली काढून टाकलं. झाड पारंब्यांवर आजही उभं आहे आणि पसरतं आहे. हरळी आणि लव्हाळा तर रोज तुमच्या पायाखालून चालतात.

मध्य आणि दक्षिण अमेरिकेतल्या एका ताडाविषयी मात्र सांगतात की तो आधारमुळांवर वर्षाला काही मीटर चालतो. ती पर्यटकांना सांगायची गोष्ट आहे. नवी मुळं फुटतात, जुनी मरतात, खोड जागेवरच राहतं. सुकून वाऱ्यावर गडगडत जाणारी झुडपंही असतात, पण ती तेव्हा मेलेली असतात. फक्त बिया वाटत जातात.

खरं चालणं बघायचं असेल तर दिवाळीनंतर माळावर जा आणि कुसळ आणा. दाण्यामागचा काळा केस ताटलीत ठेवून त्यावर पाण्याचा एक थेंब सोडा. पिळलेला केस उलगडायला लागतो, दाणा गिरकी घेतो. वाळला की पुन्हा पिळतो. दाण्याच्या टोकाला मागे वळलेले बारीक केस असतात, त्यामुळे तो पुढे जातो पण मागे येत नाही. पहाटेच्या दवाने आणि दुपारच्या उन्हाने तो असा मातीत शिरतो, मेंढीच्या लोकरीतही. आत जिवंत स्नायू नाही, अन्न खर्च होत नाही, सगळी ताकद हवेतल्या ओलीची. कादंबरीवाल्यांनी याचा विचार जरूर करावा: दवावर चालणारं झाड कमाईच्या हिशोबातून बरंचसं सुटतं.

त्याला डोळे हवेत का?
– एक वाचक, जिंतूर

नको. मुळं ओलीकडे वळतात, शेंडा उजेडाकडे. शेजारच्या झाडाच्या पानांतून गाळून आलेल्या उजेडातला लाल रंग कमी झालेला असतो, तेवढ्यावरून झाडाला शेजारी कळतो. वास घेणाऱ्या वनस्पतीही आहेत: अमरवेलीचं कोवळं रोप वासावरून आधार शोधतं. डोळे रंगवले की चित्र बालिश दिसतं, हे आमचं मत.

असं झाड शिवारात आलं तर शेतकरी काय करतील? खेळात गावकऱ्यांच्या पत्त्यांवर लिहायचंय.
– खेळ रचणारे दोघे, उदगीर

पहिला राग सावटीचा. धुऱ्यावरच्या झाडाखाली पीक बसतं, हे झाड तर सावट घेऊन फिरणार. दुसरी गोष्ट पाण्याची, रोजचे २० लिटर. टँकरच्या दिवसांत हा पत्ता सगळ्यांत जड ठेवा.

तिसरी गोष्ट कोणी लिहीत नाही: पायाची माती. त्या मातीबरोबर गाजरगवताचं बी, सूत्रकृमी, मर रोगाची बुरशी एका शिवारातून दुसऱ्यात जाते. टारफुला हे ज्वारीच्या मुळावर जगणारं तण; त्याचं बी धुळीसारखं बारीक असतं, ज्वारीच्या मुळातून पाझरणारं रसायन मिळेपर्यंत वर्षानुवर्षं मातीत पडून राहतं. शहाणं गाव झाडाला शिवेवर अडवेल, पाय धुवायला लावेल आणि अंगावर अमरवेलीचा पिवळा धागा दिसला तर आत घेणार नाही. पत्ता असा करा: ‘पाय धुतले: एक फेरी थांबा’, ‘न धुता आत: पुढच्या हंगामात ज्वारी निम्मी’.

फायद्याचाही एक पत्ता ठेवा. सोडून दिलेली बारीक मुळं कुजून जमीन भुसभुशीत होते. जिथे झाड बसून गेलं तिथे पुढच्या वर्षी हरभरा चांगला.

स्नेहसंमेलनात पाचवीचा मुलगा चालतं झाड होणार आहे. सहा पायांचं, खरंच चालल्यासारखं करता येईल का?
– एक शिक्षिका, भोकर

येईल. मुलाचे दोन पाय म्हणजे मधली जोडी. पुढे दोन, मागे दोन खोटे पाय.

बांबूच्या कामटीची दोन कडी करा. कमरेचं ६० सेंटिमीटर व्यासाचं, त्याला २ मीटर १० सेंटिमीटर कामटी (२० सेंटिमीटर एकमेकांवर चढवून बांधायला). खांद्याखालचं ४५ चं, त्याला १ मीटर ६० सेंटिमीटर. दोन्ही कडी ५० सेंटिमीटरच्या सहा तुराट्यांनी जोडा. तुराटी वाळलेली पण न तडकलेली घ्या. टोकाला सुतळीचे पाच-सहा वेढे दिले तर चिरत नाही. वरच्या कड्याला रुंद कापडी पट्टे, दप्तरासारखे. एकूण वजन अडीच किलोच्या वर जाऊ देऊ नका.

खोटे पाय गोणपाटाच्या नळीत चिंध्या भरून करा, कमरेच्या कड्यापासून जमिनीच्या चार बोटं वर संपतील एवढे लांब. टेकले तर अडखळून मूल पडतं. आता मुख्य गोष्ट: डाव्या गुडघ्याला उजवीकडचे दोन्ही खोटे पाय जोडायचे, उजव्या गुडघ्याला डावीकडचे. पुढच्या पायाला तुराटी लावा, कारण तो ढकलायचा आहे. मागच्याला सुतळी, कारण तो ओढायचा आहे. गुडघ्यावर जुन्या मोज्याचा पट्टा घालून त्याला बांधा, नुसती सुतळी काचते.

पुढच्या दोन तुराट्या मांड्यांसमोर एकमेकींना छेदतात आणि आपटतात. एक दुसरीपेक्षा पाच सेंटिमीटर वर बांधा. कडुलिंबाचा खरा पाला तासाभरात मान टाकतो, म्हणून जुन्या हिरव्या साडीची पानं कापा. आणि मुलाला सांगा, सावकाश चालायचं, एका पावलाला मनात पाच आकडे. घाई केली की मागच्या सुतळ्या सैल पडतात आणि पाय नुसते लोंबत राहतात.